तिसरी लेन

कोचनी शिट्टी फुंकली आणि तिकीट खिडकीवरच्या ताईंनी माऊस दाबला.

पोहण्याच्या तलावाच्या ऑफिसातला संगणक इतका जुना, की तो सुरू करून ताई खुशाल डबा खाऊन येत. आज त्याच्यावर शर्यत लागली होती. पहिल्या लेनमध्ये सगळं जग वापरतं तो ब्राउझर. कोचच्या स्टॉपवॉचमध्ये दोन मिनिटं झाली, तरी पडद्यावर चक्र आपलं गोल गोल फिरतंच आहे.

"बाद!" कोच म्हणाले.

दुसऱ्या लेनमध्ये संगणकाबरोबर आलेला. त्यानं पान उघडलं, चित्र जरासं हलवलं आणि तिथंच फतकल मारली. तोही बाद.

चार वाजता परगावी बेडकीची, म्हणजे कोचच्या लाडक्या शिष्येची, दोनशे मीटरची अंतिम फेरी होती. पाणी पाहून भोकाड पसरणारी ही पोर कोचनी नऊ वर्षं घडवली, आणि नेमका आज त्यांचा पाय प्लास्टरमध्ये. तिच्यासोबत त्यांची बायको गेली होती. प्रक्षेपण फोनवर उघडत नव्हतं. चाराला सहा मिनिटं उरली होती.

"सर, अजून एक आहे," ताई म्हणाल्या. "फारसा कुणाला माहीत नाही, पण माझे दीर वापरतात. सगळं काम लांबचा मोठा संगणक करतो, आपल्याकडे नुसतं चित्र येतं."

"म्हणजे पोहणार भलताच आणि पदक याला? हे फाउल आहे, ताई!"

"मग करू बाद?"

कोचनी भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिलं आणि मुकाट्यानं शिट्टी तोंडात धरली.

अकरा सेकंद! निळंशार पाणी, आठ लेन आणि चौथ्या लेनमध्ये बेडकीची लाल टोपी. कोच इतके हरखले की त्यांच्या हातून कुबडीच पडली.

शर्यत सुरू झाली. तीन वळणं झाली. बेडकी दुसरी होती, शेवटचे तीस मीटर उरले होते, तेवढ्यात कोचचा फोन वाजला.

"अहो, जिंकली! आपली बेडकी पहिली आली!" बायकोला रडू आवरत नव्हतं.

कोचनी पडद्याकडे पाहिलं. बेडकी अजून दुसरीच.

"चित्र अर्धा मिनिट मागे आहे, सर," ताई म्हणाल्या. "लांबून फिरून येतंय ना."

कोचचं लक्षच नव्हतं. फोन टेबलावर तसाच टाकून, प्लास्टरचा पाय विसरून ते ताडकन उभे राहिले होते.

"मान खाली! हात लांब टाक! ओढ गं, ओढ!"

"अहो सर, ती जिंकली की!"

"तिला कुठं माहीत आहे अजून!" कोच ओरडले.