बांयत पडली नथ

गोकुळदास मास्तरांनी टेपरेकॉर्डर ओसरीवर ठेवला, तशी देवकी उंबऱ्यातच थबकली. पेडण्याच्या पोरी ज्या गाण्यावर फुगडी घालत, ते आता शाळेच्या पुस्तकात जाणार होतं. आणि ते पहिल्यांदा कोणी म्हटलं, याचा शोध घेत मास्तर नेमके तिच्याच दारी पोचले होते.

बांयत पडली नथ गे,
नथीवांगडा नाक गे.

विहिरीत नथ पडली, नथीसोबत नाकही; हे तिनेच रचलं होतं. रचलं कसलं, जात्यावर बसली असताना तोंडून निसटलं. शेजारच्या पोरींनी ते उचललं आणि चाळीस वर्षांत गावोगाव नेलं.

गाणं सुचलं त्याच्या आदल्या वर्षी सासूने आपली नथ धाकट्या सुनेला, सिंधूला दिली होती. पडक्या विहिरीच्या काठावर त्या नथीवरून दोघी जावांची झोंबाझोंबी झाली. देवकीने सिंधूला ढकललं आणि मागे न बघता ती घरी पळाली. सिंधू कुणाचा तरी हात धरून गेली, असं गाव म्हणालं. देवकीनेही मान डोलावली. विहिरीत डोकावायचा धीर तिला कधीच झाला नाही. पुढे सासऱ्याने ती विहीर बुजवली, तेव्हा ती सुटल्यासारखी रडली.

"काकी, हें गीत तुमकां कोणें शिकयलें?" मास्तरांनी विचारलं.

"आजयेन," देवकी म्हणाली. "तिका तिच्या आजयेन."

मास्तर खूश झाले. गीत मराठी की कोंकणी, यावरून पणजीत विद्वानांची डोकी फुटायचीच बाकी होती. पण ते चारशे वर्षांचं जुनं आहे, यावर मात्र दोन्ही पक्षांचं एकमत होतं म्हणे. बांय म्हणजे संसाराची विहीर आणि नाक म्हणजे अहंकार. तो बुडाला की माणूस तरला. देवकी ऐकत राहिली. चारशे वर्षांच्या गाण्यासाठी कोण कुणाला धरणार? कित्येक वर्षांनी तिने मोकळा श्वास घेतला आणि चहाचं आधण ठेवायला उठली.

"एक कप चड करा, काकी," मास्तरांनी आणखी एक कप सांगितला.

शिरगावच्या एका म्हातारीला गाण्याचं पुढचं कडवंही येत होतं. दोन्ही पाठ जुळवून घ्यावेत म्हणून त्यांनी तिला जीपमधून सोबत आणलं होतं. हे घर तिनेच दाखवलं होतं.

उंबऱ्याबाहेरून खरखरीत आवाज आला:

नाक आयलें वयर गे,
हात ताणें वळखिलो गे.