वरच्या कोर्टापुढचं गाऱ्हाणं

कोल्हापूरहून वकिलांचा फोन आला तेव्हा हेमा रत्नागिरीच्या कोर्टाच्या व्हरांड्यात लेकीचा हात धरून बसली होती. तिथल्या हायकोर्टात आपला नंबर तेविसावा, एकविसावा चालू आहे, आणि फिर्यादी आप्पांचा पत्ता नाही, असं वकील म्हणाले. फिर्यादीने स्वतः समोर येऊन संमती दिल्याशिवाय खटला रद्द होणार नव्हता.

आणि आप्पा तर समोर जांभळाखाली बसले होते. इस्त्रीचा सदरा, मांडीवर पिशवी, पिशवीत देवळातला नारळ.

खटला हद्दीवरच्या दगडी गडग्यावरून झालेल्या मारामारीचा. आप्पांच्या हातावर कोयती मारली ती त्यांच्या चुलतभावाने, म्हणजे हेमाच्या नवऱ्याने. तो गेल्या वर्षी वारला आणि आरोपी म्हणून उरली त्यांची लेक, एकटी मनस्विनी. कलम असं, की इथल्या कोर्टाला ते आपसात मिटवू देता येत नाही. ते वरच्या कोर्टाच्याच हातात. इथं आज आरोप ठेवायचे होते. दोनदा तारीख मागून झाली होती, तिसरी मिळण्यातली नव्हती. मनस्विनीची शाळेतली नेमणूक पोलिसांच्या दाखल्यावाचून अडली होती आणि मुदत शुक्रवारपर्यंतच होती. आज आरोप ठेवले गेले की नोकरी गेली.

हेमा उठून आप्पांपाशी गेली. तुम्ही कोल्हापूरला जाणार होतात, एवढंच म्हणाली. आवाज चढवायची तिची सोय नव्हती.

"गावासमोर गाऱ्हाणा घातला, नारळ ठेवला," आप्पा पिशवीकडे बघत म्हणाले. "मिटला ना सगळा? परत तिकडं जाऊन काय सांगायचा?"

हेमाला त्यांचा मनस्वी राग आला. त्याच वेळी त्यांचे पाय धरायलाही ती तयार होती.

तेवढ्यात पुन्हा फोन वाजला. वकिलांनी हातापाया पडून व्हिडिओवर बोलायची परवानगी मिळवली होती. मनस्विनीने फोन आप्पांसमोर धरला. पडद्यावर न्यायमूर्ती दिसले, नखाएवढे. त्यांनी नाव विचारलं, गाव विचारलं, कुणाचा दबाव आहे का विचारलं. आप्पांनी सगळ्याची नीट उत्तरं दिली. मग न्यायमूर्तींनी समोरचा कागद उचलला.

"या मुलीने तुम्हाला धरून ठेवलं, असं तुमच्या फिर्यादीत आहे. ते खरं आहे का?"

आप्पांनी पिशवीतला नारळ चाचपला. आतून शिपायाने मनस्विनीच्या नावाचा पहिला पुकारा केला. ती हलली नाही.

"आप्पा, बोला," हेमा पुटपुटली. "देवापुढं बोललात ना?"

"देवापुढं नुसता मिटला म्हटला," आप्पा खालच्या आवाजात म्हणाले. "बाकीचा त्याला ठाऊक होता. ह्यांना तोंडानं सांगायला लागंल."

दुसरा पुकारा झाला. आप्पांनी पिशवी खाली ठेवली, चपला काढल्या आणि फोनपुढे हात जोडले. गावात देवापुढं गाऱ्हाणं घालायचा मान पिढ्यान्‌पिढ्या त्यांच्याच घराकडे. आपोआप तोच आवाज लागला.

"बा म्हाराजा, पोर त्या दिवशी मुंबईत होती. तिचा नाव मी घातला. रागानं घातला, म्हाराजा."

गाऱ्हाण्याच्या दर वाक्याला सगळ्या गावाने होकार द्यायचा असतो. इथं गाव नव्हतं. पक्षकार वळून बघत होते, तिसऱ्या पुकाऱ्यासाठी दारात आलेला शिपाई तसाच थांबला होता, आणि पडद्यावरच्या न्यायमूर्तींनी कागद खाली ठेवला होता.

हेमाने डोक्यावर पदर घेतला.

"व्हय म्हाराजा," ती म्हणाली.