पुतणी

रविवारी सकाळी पावणेदहाला सिंधु लातूरच्या ट्यूशन एरियातल्या मुलींच्या वसतिगृहात पोचली, तेव्हा सुकन्याचा ताप एकशेतीन होता. दवाखान्यात भरती करा, असं डॉक्टर सांगून गेले होते.

"भरतीची सही आईवडिलांचीच लागती," रेक्टर रईसा मॅडम म्हणाल्या. "कार्डावर गुरुबसप्पा अन् गंगम्मा हायत. तुम्ही कोण?"

"काकू."

"मग बसा. मागच्या साली एका पोरीला मामा म्हणून एक जण घेऊन गेला. मामा नव्हता. तवापासून मी कुणाचंच ऐकत न्हाई."

निरोप कळला तशी सिंधु मिळेल त्या गाडीनं निघाली होती. सही कुणाची लागेल, हे तिच्या ध्यानातच आलं नव्हतं. दीर गुरुबसप्पा निवडणुकीच्या प्रशिक्षणाला गेले होते, त्यांचा फोन बंद. तिनं जावेला फोन लावला. गंगम्मा म्हणाली, "निघालेच."

फाटकाजवळच्या बाकड्यावर शिवलिंगआप्पा बसले होते. गावचेच. नातीला डबा घेऊन आले होते. बारा वर्षांपूर्वी त्यांच्या सुनेला पाडून सिंधु सरपंच झाली. तिसरं मूल असलं की पंचायतीचं पद जातं. सिंधुला तिसरी मुलगी आहे आणि ती दिराच्या नावावर लावली आहे, अशी तक्रार आप्पांनीच केली होती. सुकन्या तेव्हा चार वर्षांची होती.

सिंधुची मुदत संपली. दावा संपला नाही. तो खालून वर गेला, वरून खाली आला. आता प्रश्न पदाचा राहिला नव्हता, निवडणुकीच्या अर्जात दोनच मुलं दाखवणाऱ्या खोट्या शपथपत्राचा होता. शाबीत झालं तर सिंधुला शिक्षा, आणि शाळेत मास्तर असलेल्या दिराची नोकरी जाणार. निकाल लागेपर्यंत कुठंही आई म्हणून सही करायची नाही, असं वकिलानं बजावलं होतं. भूकंपानंतर दोघा भावांना मिळालेली घरं शेजारीशेजारी होती. सुकन्या जेवायची सिंधुकडं आणि झोपायची गंगम्माकडं. सगळ्या गावाला ठाऊक होतं. शाबीत काहीच नव्हतं.

"सरपंचबाई," आप्पा म्हणाले. ते तिला अजून तेच म्हणत. "म्हणा की आई हाय म्हणून. मी कान झाकून घेतो."

"अन् तारखेला उघडताल."

"मला तर कवाच सोडायचाय दावा. वकील म्हणतो, आता तो तुमचा न्हाई, सरकारचा हाय. आपण दोघं तिथं नुसते पाव्हणे."

"लावला तर तुम्हीच."

"लावला. साल-दोन सालात उरकंल म्हणून लावला."

वर सुकन्याला बघून रईसा मॅडम खाली आल्या. त्यांनी सिंधुकडं निरखून पाहिलं.

"काकू म्हणजे बाहेरून आलेली. रक्ताची न्हाई. मग पोरीची हनुवटी तुमच्यासारखी कशी?"

आप्पा डब्याच्या कड्या उघडून पुन्हा लावत होते.

"बाई, पोरगी तापात बडबडायलीय. मी काय दुश्मन न्हाई तुमची. आई असाल तर तसं सांगा, आत्ता रिक्षा बोलावते. कार्डाचं मी बघून घेईन."

सिंधुनं पदराचं टोक मुठीत धरलं. तिचे ओठ हलले. तेवढ्यात जिन्यावर पावलं वाजली. मैत्रिणीच्या खांद्याचा आधार घेऊन सुकन्या खाली येत होती. अंगावर चादर, डोळे लाल. तिनं सिंधुला पाहिलं. मग बाकड्यावरच्या आप्पांना पाहिलं.

"बेटा," रईसा मॅडमनी विचारलं, "ही तुझी कोण?"

आप्पांनी खरोखरच दोन्ही हात कानांवर ठेवले आणि मान फिरवली.

सिंधु एक पाऊल पुढं झाली. सुकन्यानं कठड्याला धरलं.

"काकू हाय माझी," ती म्हणाली. "आई गावाहून यायलीय. ती आल्यावर जाते मी."

"तवर काही झालं तर?"

"न्हाई होत." मग सिंधुकडं न बघता ती म्हणाली, "काकू, तुम्ही उन्हात उभ्या राहू नका."

ती वळली. मैत्रिणीनं तिला एकेक पायरी वर नेलं.

अकरा वाजता गंगम्माचा फोन आला. ती किल्लारीच्या अड्ड्यावर जीपमध्ये बसली होती. आणखी चार सीट भरल्याशिवाय ड्रायव्हर गाडी काढणार नव्हता.