एक्सपी गोल्ड

गोवर्धन शेटचं दिग्रसला बियाण्याचं दुकान. ओरिजनल विंडोज महाग पडते म्हणून त्यांनी कुठूनशी ‘एक्सपी गोल्ड’ नावाच्या चोरट्या विंडोजची सीडी पैदा केली आणि त्यांचा कम्प्युटर दुरुस्त करणारा मी नको नको म्हणत असताना मलाच टाकायला लावली. ती पळायची मात्र भन्नाट. पळणारच! बनवणाऱ्यानं तिच्यातली सगळी सुरक्षाच काढून टाकली होती. शेवटी व्हायरस शिरला आणि कम्प्युटरमधलं होतं नव्हतं ते साफ झालं.

आता शेट सकाळपासून माझ्या डोक्यावर बसले होते.

“बेइमान साले!” सीडी आपल्या दुकानाच्या काउंटरवर आपटून ते ओरडले. “वरतून पाहा तं अस्सल कंपनीचा माल! आत काय भरलं, कोनाले पत्ता नाही! ना बिल, ना गॅरंटी! ऐन सीझनमंदी मानसाले बुडवलं! आता भांडावं तरी कोनाशी?”

त्यांच्याच दुकानातून नेलेल्या, न उगवलेल्या कापसाच्या बियाण्याचं रिकामं पाकीट घेऊन कौसल्याबाई केव्हाची मागे उभी होती. तिचा चेहरा एकदम उजळला.

“हेच सांगाले आलती मी, शेट,” ती म्हणाली. “मले वाटलं, तुम्ही कबूलच नाही करनार.”