रविवारचा बिघाड

लालबागच्या नव्या टॉवरमध्ये शेजारच्या जाईबाईंचा टीव्ही दर रविवारी बिघडायचा आणि इकडे सुभद्राबाईंच्या पोटात दुखायचं. कारण टीव्ही बिघडला की जाईबाईंचा बँकेतला मुलगा विकास ठाण्याहून यायचा म्हणे. बंद दाराबाहेर लाल लेसचे बूट तासभर दिसायचे, आतून कपबशा वाजायच्या. संध्याकाळी लिफ्टपाशी जाईबाई मुद्दाम विषय काढायच्या, "ते मालिकांचं अ‍ॅप परत अडकलं ना! आला बिचारा धावत."

सुभद्राबाईंच्या राजेशने घेऊन दिलेला टीव्ही मात्र मेला कधी बिघडायचंच नाव घेत नव्हता.

शेवटी एका रविवारी त्यांनी वायफायची पिन उपसली आणि राजेशला फोन लावला.

"अ‍ॅप चालत नाय रे. नुसतं गोल गोल फिरतंय. जरा येऊन बघ ना."

"बंद करून चालू कर ना, आई."

"दोनदा केलं. नाय होत."

"बरं थांब, बघतो काहीतरी."

सुभद्राबाईंनी घाईघाईने आंबोळ्या टाकायला घेतल्या. तासाभरात बेल वाजली. जाईबाईंनाही दिसावं म्हणून त्यांनी दार सताड उघडलं.

"काकी, टीव्हीच्या दुकानातून आलोय. मेकॅनिक. राजेश सरांनी पाठवलंय," दारातला अनोळखी माणूस म्हणाला.

 

आणि वाकून त्याने आपले लाल लेसचे बूट काढले.