पहिला हुंदका

“रडतायत का?” सरमदने पुन्हा विचारलं.

“कान आहेत ना तुम्हाला?” वितरक मलिक सुलेमान म्हणाला. “ऐका की.”

पडद्याच्या मागच्या बाजूला तिघं बसले होते. मलिक, चित्रपटाचा हिरो सरमद आणि बुरख्यातली नफीसा, सरमदची बायको. इथून पडद्यावरचा सरमद आरशातल्यासारखा उलटा दिसत होता. पलीकडे अंधारात लाहोरच्या बाया खच्चून भरल्या होत्या. शुक्रवारचा पहिला जनाना खेळ. त्याला पुरुषाला हॉलमध्ये बसता येत नाही, म्हणून हिरोने पडद्यामागे बसून कान लावायचा, अशी सिनेमावाल्यांच्या लक्ष्मी चौकातली रीत. टाळ्यांना इथे कोणी विचारत नाही. बाया रडल्या तर चित्र चाललं, नाही रडल्या तर सोमवारी पोस्टर उतरलं.

पडद्यावर नायिकेची डोली निघाली. पडद्यावरचा सरमद खिडकीशी उभा राहिला आणि हळू आवाजात म्हणाला, “जा. मागे वळून पाहिलंस तर मी इथेच असेन, म्हणून पाहू नकोस.” मग संगीत थांबलं. ही शांतता दिग्दर्शकाने मुद्दाम सोडली होती. उर्दू चित्रांत अशी जागा ठेवावीच लागते, बायांना रडायला.

त्या जागेत आज एक बाई खोकली. कुणीतरी चिलगोजे फोडले. बस्स, एवढंच.

सरमदची पाचावर धारण बसली. आजवर असं झालं नव्हतं. त्याच्या प्रत्येक चित्रात या जागेला आधी एकच हुंदका यायचा, बराच वेळ दाबून धरलेला आणि मग न राहवून सुटलेला. त्याच्यामागून दुसरा, तिसरा, आणि मग सगळा हॉल पदराला नाक पुसायला लागायचा. त्या पहिल्या हुंदक्यावर सरमदचं घर, गाडी आणि नाव उभं होतं.

मध्यंतरात मलिकने मन मोकळं केलं. “वाईट वाटून घेऊ नका, सरमदमियाँ. लोकांना आता हातात कुऱ्हाडीएवढा गंडासा लागतो, तोंडात डरकाळी लागते. तुम्ही बोलता ते शेजारच्यालाही ऐकू येत नाही. शेवटी तुम्ही मरता, तेव्हाही या बाया अशाच बसल्या, तर पुढचं चित्र त्या मिशीवाल्या पोराला. मी तरी काय करू?”

आणि तो पान खायला बाहेर गेला.

सरमदच्या कपाळावरून केसांचा काळा रंग ओघळायला लागला. या वयात तो करणार काय? गंडासा त्याला पेलवला नसता. डरकाळी फोडायला गेला की त्याचा आवाज कोंबडीसारखा फाटायचा. प्रेमात पडणं आणि हळू बोलणं, याखेरीज त्याला काही म्हणजे काही येत नव्हतं. त्याने नफीसाचा हात आणखी घट्ट धरला. सकाळपासून तो धरलेलाच होता.

एवढ्या वर्षांत त्याने नफीसाला आपलं एकही चित्र बघू दिलं नव्हतं. आपण नट असलो तरी घर इज्जतदार आहे, आणि दुसऱ्या बाईला मारलेल्या मिठ्या बायकोने का बघाव्यात, असं त्याचं म्हणणं. तिनेही कधी हट्ट केला नाही. पण आज सकाळी भीतीने त्याचे पाय जिना उतरेनात. तेव्हा त्याने स्वतःच तिला गळ घातली. “मला मोजंगला बहिणीकडे जायचंय,” ती म्हणत होती. तो म्हणाला, “आज नको. आज माझ्याजवळ बस.”

“हात सोडा माझा,” नफीसा आता म्हणाली.

“कुठे चाललीस?”

“पलीकडे. बायांत बसायला.”

“आत्ता? मला असं एकटं टाकून?”

“अहो, मला इथे बांधून ठेवलंत म्हणून तर ही वेळ आली,” ती चिडून कुजबुजली. “मोजंगला कोण जातंय? तुमच्या प्रत्येक पहिल्या खेळाला मी तिकडे असते. पहिली मी रडते. मयताच्या घरी नाही का, कुणालातरी सुरुवात करावी लागते? एकीने केली की बाकीच्यांची लाज जाते.”

तिने हात सोडवून घेतला, तोंडावर नकाब ओढला आणि बाजूच्या दाराने गेली.

उरलेलं चित्र सरमदने गुडघे आवळून काढलं. त्याला एकही संवाद ऐकू आला नाही. शेवटी पडद्यावर तो नायिकेच्या दारात मेला आणि संगीत थांबलं. हॉल गप्प. मलिकने घसा खाकरला. सरमदने डोळे मिटून घेतले. आता उठावं आणि मागच्या गल्लीतून पळून जावं असं त्याला वाटलं.

तेवढ्यात तो आला. तोच हुंदका, दाबून धरलेला, मग सुटलेला. त्याच्यामागे दुसरा. मग सगळा हॉल फुटला. एक म्हातारी तर मोठ्याने सरमदच्या आईला हाका मारायला लागली.

“वाचलात,” मलिकने त्याला मिठी मारली. “आणि मीही वाचलो.”

खेळ सुटल्यावर नफीसा परत आली. तिने नकाब वर केला. डोळे सुजले होते, नाक लाल झालं होतं. सरमदच्या जिवात इतका जीव आला होता की त्याला हसू आवरेना.

“इतकं खोटं रडता येतं तुला, आणि मी बाहेर नट्या शोधत फिरतो,” तो म्हणाला. “मग इथेच रडायचंस ना, पडद्यामागे. आवाज तर गेलाच असता पलीकडे. माझे प्राण कंठाशी आले होते.”

नफीसाने ओढणीने नाक पुसलं.

“खोटं नाही रडत मी,” ती म्हणाली. “पण तुम्ही शेजारी असलात की नाही येत रडू. तिकडे बसलं की तो माणूस तुम्ही आहात हे विसरायला होतं.”