दोन्हीकडे चार खांब

मघाच्या टकरीत पुन्हा मेंदूला मार बसल्याचं निघालं, तर मार्नीची ऑस्ट्रेलियन फुटबॉलमधली, हातांनीही चेंडू खेळायच्या त्या खेळातली, कारकीर्द आजच संपणार होती. मैदानाकडेच्या बाकावर संघाच्या डॉक्टरबाईंनी नेहमीचे प्रश्न विचारले. "मैदान कोणतं?" "बॅलरॅटचं." "गेल्या शनिवारी समोर कोण?" "पर्थच्या पोरी." ही उत्तरं ती दर सामन्याआधी घोकून यायची. "आजचा शेवटचा गोल कुणाचा?" हे घोकलेलं नव्हतं; मार्नीनं इकडेतिकडे पाहिलं. डॉक्टरबाईंच्या पाठीमागून संघातल्या कॅझनं स्वतःच्या छातीवर बोट ठेवलं. "कॅझचा." "जा," डॉक्टरबाई म्हणाल्या. "पळ गं म्हातारे," कॅझ हसली, "मेंदू असता तर त्याला लागलं असतं!" मार्नी मैदानात धावली. चेंडू तिच्या हातांत आला. "मार!" सगळ्या ओरडल्या. डावीकडे गोलचे चार खांब, उजवीकडेही तसेच. दर सत्राला बाजू बदलतात. सध्या आपण कुठल्या खांबांकडे मारायचं, तिला आठवेना. चेंडू पोटाशी धरून तिनं गवतावर बसकण मारली आणि डॉक्टरबाईंना हाक दिली.